लॅटरल सेफ: एका एक्स-रेवरचे कोन कुठून येतात आणि कुठे फसवतात

दातांना तार लावायला गेलेल्या मुलाला ऑर्थोडॉन्टिस्ट बहुधा दोन एक्स-रे लिहून देतात. पहिला ओपीजी. त्यात सगळे दात एका ओळीत उलगडून दिसतात, हिरडीत अडकलेले सुळे आणि अक्कलदाढाही दिसतात, त्यामुळे आईवडिलांना तो थोडाफार वाचता येतो. दुसरा लॅटरल सेफ, म्हणजे अख्ख्या डोक्याचा बाजूने काढलेला एक्स-रे. त्यात उजवी-डावी हाडं एकमेकांवर पडलेली असतात आणि एकही दाढ धड सुटी दिसत नाही. पण दात काढून जागा करायची का, खालचा जबडा पुढे आणणारं उपकरण द्यायचं का, की वाढ संपेपर्यंत थांबून शस्त्रक्रियाच करायची, हे ठरवताना या दुसऱ्या फिल्मचा शब्द जास्त चालतो.

कारण असं, की दात पुढे आलेत हे आरशात दिसतं, पण कशामुळे आलेत ते दिसत नाही. वरच्या आणि खालच्या समोरच्या दातांमधलं आडवं अंतर, ज्याला ओव्हरजेट म्हणतात, ते तीन मुलांमध्ये नेमकं ८ मिमी असू शकतं. एकाचा वरचा जबडाच पुढे आहे. दुसऱ्याचा वरचा जागेवर आहे, खालचा मागे राहिलाय. तिसऱ्याचे दोन्ही जबडे ठीक आहेत, अंगठा चोखून नुसते वरचे दात बाहेर कललेत. तोंड बघून तिघं सारखेच वाटतात आणि उपचार तिघांचे वेगळे. सेफवरची मोजमापं ही या तिघांना वेगळं ओळखायची खटपट आहे. खटपट म्हणायचं कारण, रिपोर्टमध्ये दशांशापर्यंत छापलेले ते आकडे दिसतात तितके पक्के नसतात.

डोकं धरायचं कसं

१८९५ मध्ये एक्स-किरण सापडले आणि कवटीच्या फिल्मही निघू लागल्या, पण एक फिल्म दुसरीशी ताडून पाहता येत नव्हती. डोकं जरा वळलं, नळी जरा जवळ आली की मापं बदलायची. १९३१ मध्ये अमेरिकेत क्लीव्हलंडला ब्रॉडबेंट आणि जर्मनीत हॉफराथ या दोघांनी, एकमेकांवर अवलंबून न राहता, डोकं ठरलेल्या स्थितीत धरून ठरलेल्या अंतरावरून फिल्म काढायची पद्धत मांडली. आज फिल्मच्या जागी सेन्सर आला, मांडणी तीच राहिली.

डोकं धरणाऱ्या चौकटीला सेफॅलोस्टॅट म्हणतात. दोन्ही कानांच्या छिद्रांत दोन दांड्या जातात आणि नाकाच्या मुळाशी तिसरा टेकू येतो. जुन्या प्रमाण मांडणीत नळीपासून डोक्याच्या मध्यरेषेपर्यंत ५ फूट, म्हणजे १५२.४ सेंमी अंतर असतं आणि मध्यरेषेपासून फिल्म साधारण १५ सेंमीवर. भिंतीवर पडलेली हाताची सावली हातापेक्षा मोठी असते, तसंच इथे होतं. १६७.४ भागिले १५२.४ केलं की १.०९८ येतं, म्हणजे मध्यरेषेवरची प्रत्येक लांबी जवळपास १० टक्के मोठी दिसते. कोन मात्र बदलत नाहीत. या शास्त्रात मिलिमीटरपेक्षा अंशांना जास्त भाव आहे तो काही अंशी यामुळेच.

बहुतेक खराब फिल्म इथेच, टेक्निशियनच्या हाताखाली खराब होतात. कानातली दांडी नीट आत गेली नाही आणि मूल जरा वळलं, की खालच्या जबड्याच्या मागच्या कडा दोन वेगळ्या रेषा होऊन दिसतात. थोडा दुहेरीपणा नैसर्गिकच आहे, कारण फिल्मपासून लांबची बाजू जास्त मोठी उमटते. पण दोन कडांमध्ये बोटभर फट पडली तर डोकं वळलेलं होतं असं समजावं. मुलाने दाढा एकमेकींवर टेकवलेल्या हव्यात. बरीच मुलं ‘चावून धर’ म्हटल्यावर समोरचे दात समोर आणून धरतात, खालचा जबडा तेवढा पुढे सरकतो आणि मागे असलेला जबडा फिल्मवर ठीक दिसायला लागतो. ओठ सैल हवेत. ज्यांचे ओठ मिटत नाहीत ती मुलं लाजेने हनुवटी आवळून ते मिटतात आणि ओठांची खरी ठेवण फिल्मवर येतच नाही. कानातलं, हेअरपिन, काढता येणारी प्लेट हे सगळं बाहेर काढून ठेवायचं. चमकीसुद्धा. तिची सावली नेमकी नाकाच्या काट्याजवळ, म्हणजे नाकाच्या तळाशी पुढे आलेल्या हाडाच्या टोकाजवळ पडते आणि तिथला एक बिंदू हवा असतो.

किरणांची भीती अनेकांना वाटते. डिजिटल यंत्रावर एका लॅटरल सेफचा डोस साधारण ५-६ मायक्रोसिव्हर्ट असतो. माती, हवा, आकाश यांतून माणसाला जगाच्या सरासरीने वर्षाकाठी २.४ मिलिसिव्हर्ट मिळतात, म्हणजे दिवसाला साडेसहा मायक्रोसिव्हर्टच्या आसपास. एक फिल्म म्हणजे एक दिवस. तरीही फिल्म चुकली म्हणून पुन्हा काढणं हा फुकटचा डोस आहे, आणि दर भेटीला सेफ काढायचं काही कारण नसतं.

पेन्सिल कुठे टेकते

फिल्मवरून थेट मोजत नाहीत. आधी ट्रेसिंग करतात. हाती करायचं तर ८ बाय १० इंचांची फिल्म लाइटबॉक्सवर ठेवायची, तोंड उजवीकडे, वर धुरकट अॅसिटेटचा कागद चिकटवायचा, आणि ३एच किंवा ०.३ मिमीच्या टोकदार पेन्सिलीने बाह्यरेषा काढायच्या. जिथे उजवी-डावी कड वेगळी दिसते तिथे दोघींच्या मधून रेषा न्यायची. मग बिंदू टाकायचे.

कवटीच्या तळाशी, पीयूष ग्रंथी बसते त्या खोलगट जागेला सेला म्हणतात, म्हणजे खोगीर. त्या खोगिराचा मध्य हा एस बिंदू. कपाळाचं हाड आणि नाकाचं हाड जिथे जुळतात तो एन, म्हणजे नेझिऑन. वरच्या जबड्याच्या पुढच्या कडेवर, नाकाच्या काट्यापासून दाताच्या मुळांकडे उतरताना जी खोलगट वळणरेषा आहे तिचा सर्वांत आतला बिंदू म्हणजे ए. खालच्या जबड्यावर तसाच बी. हनुवटीचं पुढचं टोक पोगोनिऑन, तळाचं टोक मेंटन, जबड्याचा मागचा कोपरा गोनिऑन. कानाच्या छिद्राची वरची कड पोरिऑन आणि डोळ्याच्या खोबणीची खालची कड ऑर्बिटाले. या दोघांना जोडणारी रेषा म्हणजे फ्रँकफर्ट प्रतल. १८८० च्या दशकात मानववंशशास्त्रज्ञांनी कवट्या एका रेषेत मांडून तपासता याव्यात म्हणून ती फ्रँकफर्टमध्ये मान्य केली, तेव्हा समोर मेलेल्या कवट्या होत्या. जिवंत पेशंटच्या फिल्मवर पोरिऑन शोधणं ही वेगळीच डोकेदुखी आहे.

सगळे बिंदू सारखे विश्वासाचे नाहीत. एस बहुतेक वेळा स्वच्छ सापडतो, दहा जण टाकतील ते जवळजवळ एकाच जागी. ए तसा नाही. गालाच्या मऊ भागाची सावली त्यावर पडते, लहान मुलांत न आलेल्या दातांची मुळं हाड फुगवतात, आणि वळण उथळ असेल तर ‘सर्वांत आतला बिंदू’ वर-खाली २-३ मिमी कुठेही धरता येतो. त्यात गंमत अशी, की बिंदू वर-खाली हलला तर कोन फारसा हलत नाही, पुढे-मागे हलला तर हलतो. नेझिऑनपासून ए साधारण ५८ मिमीवर असतो. तो १ मिमी पुढे टाकला की कोन १ अंशाने वाढतो. बी बराच खाली, जवळपास १०० मिमीवर, त्यामुळे त्याच्या १ मिमीने अर्ध्या अंशाहून थोडाच जास्त फरक पडतो.

८२, ८०, २

सेफ वाचायच्या पद्धती पुष्कळ आहेत, पण दवाखान्यात तोंडी असतात ते स्टायनरचे आकडे. १९५३ मध्ये सेसिल स्टायनर यांनी एस-एन ही रेषा पायाला धरून दोन कोन मांडले. एस-एन-ए म्हणजे वरचा जबडा कवटीच्या मानाने किती पुढे, नेहमीचं माप ८२ अंश. एस-एन-बी खालच्या जबड्यासाठी, ८० अंश. वजाबाकी एएनबी, २ अंश. एएनबी ४ च्या वर गेला तर खालचा जबडा तुलनेने मागे, शून्याच्या खाली गेला तर खालचा पुढे, असा ढोबळ वापर आहे. समजा एका मुलीचा एसएनए ८१ आणि एसएनबी ७५ आला. एएनबी ६. वरचा ठीक, खालचा मागे. इथवर सोपं आहे, आणि धोका नेमका याच सोपेपणात आहे.

एएनबी दोन जबड्यांची तुलना करतो असं वाटतं, पण तो मोजला जातो नाकाच्या मुळाशी उभं राहून. समजा एकाचे तिन्ही आकडे अगदी पुस्तकी आहेत, ८२, ८० आणि २. आता जबड्यांना हात न लावता त्याचं नेझिऑन ५ मिमी पुढे आहे असं धरा. काहींच्या कपाळाची ठेवणच तशी असते. भूमितीने मोजलं तर एसएनए ७७ वर येतो, एसएनबीही ७७ वर येतो, आणि एएनबी शून्य. रिपोर्ट म्हणेल की दोन्ही जबडे मागे आहेत आणि वरचा जास्त मागे आहे. तोंडात मात्र काहीच बदललेलं नाही. एस-एन रेषाच कवटीत जास्त तिरकी असेल तरी तसंच होतं. तेव्हा दोन्ही कोन एकदम ४-५ अंशांनी घसरतात. दोन्ही जबडे एकदम मागे दाखवणारा रिपोर्ट हातात आला की आधी या रेषेवर संशय घ्यावा. ती फ्रँकफर्ट प्रतलाशी साधारण ६-७ अंश करते. १२ करत असेल तर दोष जबड्यांना देता येत नाही.

यावर उतारा म्हणून नेझिऑनला वगळणारं एक माप आहे, विट्स. दक्षिण आफ्रिकेतल्या विटवॉटर्सरँड विद्यापीठाच्या नावावरून ते नाव पडलं. जेकबसन यांनी १९७५ मध्ये मांडलं. दाढा-उपदाढा जिथे एकमेकींवर बसतात त्या चावण्याच्या रेषेवर ए आणि बी या दोन्ही बिंदूंपासून लंब टाकायचे आणि त्यांच्यातलं अंतर मोजायचं. स्त्रियांत ते दोन्ही लंब एकाच ठिकाणी पडतात, पुरुषांत बीचा साधारण १ मिमी पुढे. पण याचीही खोड आहे. दात नुकते बदलत असलेल्या मुलाची चावण्याची रेषा कुठून काढायची यावरच दोन डॉक्टरांचं एकमत होत नाही, आणि रेषा थोडी कलली की विट्स काही मिलिमीटरने उडी मारतो. एएनबी आणि विट्स एकच सांगत असतील तर निर्धास्त व्हावं. भांडत असतील तर पेशंटचा चेहरा आणि दातांचे साचे पुन्हा बघावेत.

आणखी एक गोष्ट त्या ‘नॉर्मल’ या शब्दाची. १९४८ मध्ये डाउन्स यांनी जे प्रसिद्ध सरासरी आकडे दिले ते उत्तम दात असलेल्या, १२ ते १७ वयाच्या २० गोऱ्या मुलामुलींचे होते. वीस. भारतीय चेहऱ्यांवर झालेल्या अभ्यासांत समोरचे दात आणि ओठ पाश्चात्त्य मापांपेक्षा पुढे येतात असं वारंवार दिसलंय. सॉफ्टवेअरमध्ये मात्र कारखान्यातून आलेली यादी तशीच राहते, आणि रिपोर्टमध्ये नागपूरच्या मुलीच्या चांगल्या ओठांच्या मापापुढे ‘बिघाड’ दाखवणारे लाल तारे उमटतात. नाकाचं टोक आणि हनुवटी जोडणाऱ्या रिकेट्सच्या रेषेबाबत तर हे फारच होतं. त्या मापाने प्रौढांचा खालचा ओठ रेषेच्या २ मिमी मागे हवा. इथल्या कितीतरी जणांचा तो रेषेला टेकलेला असतो आणि शोभतोही.

खालचे दात आणि जागेचा हिशेब

दात काढायचे की नाहीत या प्रश्नाला सर्वांत जवळ जाणारं साधन म्हणजे ट्वीडचा त्रिकोण. त्याची एक बाजू फ्रँकफर्ट प्रतल, दुसरी खालच्या जबड्याची तळरेषा, तिसरी खालच्या समोरच्या दाताचा अक्ष. तळरेषा आणि फ्रँकफर्ट यांच्यातला कोन एफएमए, २५ अंश. दात आणि तळरेषा यांच्यातला आयएमपीए, ९०. दात आणि फ्रँकफर्ट यांच्यातला एफएमआयए, ६५. त्रिकोण आहे म्हणून तिघांची बेरीज १८० यायलाच हवी. नाही आली तर कुठेतरी मोजण्यात चूक आहे, पुढे जाऊच नये.

एक उदाहरण करून बघू. एफएमए ३०, आयएमपीए ९८. म्हणजे एफएमआयए ५२. ६५ वर आणायचा तर दात १३ अंश आत न्यावे लागतील. दाताचं टोक १ मिमी आत नेलं की कोन साधारण अडीच अंश बदलतो आणि जागा दोन्ही बाजूंना लागते, म्हणून हिशेबाला अंश गुणिले ०.८ असं सूत्र आहे. १३ गुणिले ०.८ बरोबर १०.४ मिमी. दातांची दाटी ४ मिमी धरली तर एकूण १४.४. खालची उपदाढ साधारण ७ मिमी रुंद, दोन काढल्या की १४ मिमी मिळतात. म्हणजे दोन दात काढूनही जागा किंचित कमीच पडते, आणि मागच्या दाढा पुढे सरकून त्यातली थोडी खातात ती वेगळीच. ‘तार लावून बघू, जमलं तर दात काढणार नाही’ हे वाक्य अशा पेशंटला देणं बरोबर नाही.

आता याच हिशेबाची कमजोर कडी. खालच्या समोरच्या दाताचं मूळ फिल्मवर शेजारच्या तीन दातांच्या मुळांत हरवतं. दात साधारण २२ मिमी लांब. मुळाचं टोक २ मिमी इकडे-तिकडे पडलं तर आयएमपीए ५ अंशांनी बदलतो, आणि ५ गुणिले ०.८ म्हणजे ४ मिमी. अर्ध्या उपदाढेपेक्षा जास्त जागा नुसत्या पेन्सिलीच्या टोकाने गायब. पोरिऑनचंही तसंच. कवटीतलं खरं छिद्र सापडत नाही म्हणून अनेक जण कानातल्या दांडीच्या सावलीची वरची कड धरतात. ती ४ मिमी खाली-वर असेल तर सुमारे ८० मिमी लांबीच्या फ्रँकफर्ट रेषेवर ३ अंशांचा फरक पडतो, आणि एफएमए २५ चा २८ होतो.

हा एफएमए नुसता शोभेचा नाही. कोन जास्त म्हणजे चेहरा लांबट आणि खालचा जबडा खाली-मागे फिरलेला. अशा तोंडात दाढा वर खेचणारे रबर लावले तर जबडा बिजागरीसारखा उघडतो. मागे १ मिमी दाढ उंचावली की पुढे अंदाजे दोन-तीन मिमी उघडतं. हनुवटी आणखी मागे जाते आणि दात ‘सरळ’ होऊनही चेहरा बिघडतो. कोन कमी असलेल्या चौकोनी चेहऱ्यात हेच रबर कामाला येतात.

मान वाचणं आणि दोन फिल्म जुळवणं

फिल्मच्या मागच्या भागात मानेचे मणके आयते दिसतात. दुसऱ्या, तिसऱ्या आणि चौथ्या मणक्याची खालची कड सपाट आहे की आत गेलीय, यावरून वाढीचे सहा टप्पे पाडतात. दुसऱ्या आणि तिसऱ्याची कड खोलगट झाली पण चौथ्याची अजून सपाट आहे, तो तिसरा टप्पा. खालच्या जबड्याच्या वाढीचा जोर यानंतरच्या वर्षभरात असतो. वर सांगितलेल्या मुलीचा एसएनबी ७५ आणि टप्पा तिसरा असेल, तर ट्विन ब्लॉकसारखं, खालचा जबडा पुढे आणणारं उपकरण आत्ताच द्यायला हवं. तेच आकडे सहाव्या टप्प्यात आले तर उपकरण काहीच वाढवणार नाही. उरतात दात हलवून झाकपाक किंवा शस्त्रक्रिया. थायरॉइडला किरणांपासून वाचवणारा पट्टा गळ्याला बांधला तर हेच मणके झाकले जातात. तेव्हा मणके हवेत की पट्टा, हे फिल्म काढायच्या आधी ठरवावं.

उपचारांमुळे काय बदललं ते पाहायला जुनी आणि नवी फिल्म एकमेकींवर ठेवतात. एस-एन रेषा जुळवणं सोपं, पण कपाळ वाढतं तसं नेझिऑनही पुढे-वर जातं, म्हणून सेलाची पुढची भिंत आणि तिच्यापुढचा कवटीचा तळ जुळवणं जास्त भरवशाचं. तो भाग ७-८ व्या वर्षानंतर फारसा हलत नाही. आणि यंत्र एकच असावं. एका यंत्रात मध्यरेषा ते फिल्म १५ सेंमी, दुसऱ्यात १२ सेंमी असेल, तर ११० मिमीचा जबडा पहिल्यात १२१ च्या आसपास आणि दुसऱ्यात ११९ च्या आसपास दिसतो. दोन मिलिमीटर वाढ किंवा घट निव्वळ केंद्र बदलल्याने. रिपोर्टमध्ये ती उपकरणाच्या नावावर जमा होते.

संगणकाने यातली काही कामं सोपी केली. आता प्रोग्राम स्वतःच बिंदू टाकतात आणि अर्ध्या मिनिटात ३०-४० मापं हातात ठेवतात. २०१५ च्या एका आंतरराष्ट्रीय स्पर्धेत ४०० फिल्मवर १९ बिंदू शोधायला लावले, तेव्हा २ मिमीच्या आत पडला तर बिंदू बरोबर, असा निकष होता. २ मिमी. वरचे हिशेब आठवले तर त्याचा अर्थ कळतो. म्हणून आपोआप टाकलेले बिंदू, निदान ए, पोरिऑन, गोनिऑन आणि खालच्या दाताचं मूळ, मोठं करून हाताने तपासायलाच हवेत. स्वतःची चूक किती हे पाहायचं तर दोन आठवड्यांनी, पहिलं ट्रेसिंग न बघता, पंचवीस-तीस फिल्म पुन्हा ट्रेस कराव्यात आणि फरकांच्या वर्गांची बेरीज फिल्मसंख्येच्या दुपटीने भागून वर्गमूळ काढावं. दालबर्गचं हे सूत्र कुणाच्याही अभिमानाची तासभरात वाट लावतं.

सॉफ्टवेअरमध्ये पट्टी जुळवायला विसरणं ही रोजची चूक आहे. फिल्मच्या कडेला, कपाळाच्या पुढे, मिलिमीटरच्या खुणा असलेली पट्टी उमटते. तिच्यावर दोन टोकं दाखवून मग मोजायचं. न दाखवता मोजलं तर कोन बरोबर येतात, लांब्या चुकतात, आणि कोन बरोबर असल्यामुळे कुणाला शंका येत नाही. याच्या उलटही घडतं: स्लाइडमध्ये बसावी म्हणून फिल्म एका बाजूने ताणली की सगळे कोनच बिघडतात.

लॅटरल सेफला डावं-उजवं कळत नाही. हनुवटी एका बाजूला गेली असेल तर समोरून काढलेली फिल्म किंवा सीबीसीटी, म्हणजे त्रिमितीय स्कॅन, लागते. सीबीसीटीचा डोस बराच जास्त असतो, म्हणून ती सरसकट सगळ्यांची काढत नाहीत. आणि दुसरं मत घ्यायला जाताना फिल्मचा मोबाइलने काढलेला फोटो नेऊ नये. स्क्रीनसमोर फोन जरा तिरका धरला की एक बाजू आखूड होते, फोटोत पट्टीही कापली गेलेली असते. केंद्रावरून मूळ डायकॉम फाइल, म्हणजे यंत्रातून निघालेली वैद्यकीय प्रतिमेची फाइल, मागून घ्यावी आणि ती फिल्म कुठल्या तारखेला, कुठल्या यंत्रावर काढली ते सोबत लिहून ठेवावं. दोन वर्षांनी तार काढताना त्याच यंत्राकडे परत जावं लागतं.